विषय आधी ठरवू नका

आपल्याकडच्या हौशी माहितीपटांचा एक साचा ठरून गेला आहे. पहाटेचं धुकं, ड्रोनमधून दिसणारं गाव, मागे बासरी आणि मग भारदस्त आवाजातलं निवेदन: 'सह्याद्रीच्या कुशीत वसलेलं हे छोटंसं...' पुढची वीस मिनिटं सरपंच, एक प्राध्यापक आणि एक सामाजिक कार्यकर्ते आळीपाळीने खुर्चीत बसून बोलतात. मधल्या जागा भरायला पाणी भरणाऱ्या बायका आणि पारावरचे म्हातारे असतातच. शेवटी नावं वर सरकू लागतात, तेव्हा गावाविषयी चार जणांची मतं आपल्याला कळलेली असतात. गाव दिसायचं राहून गेलेलं असतं.

हा साचा मोडायचा असेल, तर काझुहिरो सोदा या जपानी दिग्दर्शकाचं काम जवळून बघावं. १९७० चा जन्म, तोक्यो विद्यापीठातून पदवी, १९९३ पासून अनेक वर्षं न्यूयॉर्कमध्ये वास्तव्य आणि तिथल्या स्कूल ऑफ व्हिज्युअल आर्ट्समध्ये चित्रपटाचं शिक्षण. पुढे जपानी दूरचित्रवाणीसाठी माहितीपट करताना त्यांना एका पद्धतीचा वीट आला. चित्रीकरणाला निघण्याआधीच सविस्तर संहिता लिहायची, शेवट काय असेल तेही ठरवायचं आणि मग कॅमेरा घेऊन कागदावरचंच शोधत हिंडायचं. अशा कामात समोर काही वेगळंच घडलं तर ती अडचण ठरते. सोदांना नेमकं तेच हवं होतं. मग त्यांनी स्वतःसाठी दहा नियम केले आणि तेव्हापासून ते आपल्या चित्रपटांना 'निरीक्षण चित्रपट' म्हणतात.

नियम थोडक्यात असे. आधी संशोधन करायचं नाही, पात्रांशी पूर्वबैठका घ्यायच्या नाहीत, संहिता लिहायची नाही. कॅमेरा स्वतः चालवायचा आणि जमेल तितका जास्त वेळ चालवायचा. जागा लहान घ्यायची, पण तळाशी जायचं. संकलनाला बसेपर्यंत विषय किंवा निष्कर्ष ठरवायचा नाही. निवेदन, पडद्यावरच्या पाट्या, संगीत यांतलं काहीही वापरायचं नाही. शॉट लांब ठेवायचे. आणि पैसे स्वतःचे घालायचे.

नवशिक्यांच्या हाती ही यादी पडली की ते ती भिंतीवर चिकटवतात आणि गोंधळतात, कारण दहाही नियम त्यांना सारख्याच वजनाचे वाटतात. माझ्या मते खरा नियम एकच: संकलनाआधी विषय ठरवायचा नाही. बाकीचे नऊ त्याच्या दिमतीला आहेत. संशोधन टाळायचं, कारण संशोधन विषय ठरवून टाकतं. पैसे स्वतःचे घालायचे, कारण दुसऱ्याचे घेतले की त्याला विषय लिहून द्यावा लागतो. निवेदन टाळायचं, कारण विषय ठरला नसेल तर निवेदनात सांगायला काही उरतच नाही. सोदांनीही गरजेप्रमाणे नियम वाकवले आहेत. 'पीस' (२०१०) हा एका कोरियन माहितीपट महोत्सवाच्या मागणीवरून झाला. 'द बिग हाउस' (२०१८) मिशिगन विद्यापीठात विद्यार्थ्यांबरोबर केला, त्याला एकूण सतरा दिग्दर्शक होते. म्हणजे 'कॅमेरा स्वतः चालवा' हा नियम तिथे सतरा जणांत वाटला गेला. विषय मात्र तिथेही चित्रीकरणानंतरच सापडला.

या पद्धतीची ओळख करून घ्यायला 'कॅम्पेन' (२००७) सोपा. कावासाकी शहराच्या एका प्रभागातली २००५ ची पोटनिवडणूक. पक्षाने बाहेरून आणून उभा केलेला उमेदवार सोदांचा विद्यापीठातला जुना सोबती, राजकारणात अगदी नवखा. पट्टा लावून रेल्वे स्थानकाबाहेर उभं राहायचं, येणाऱ्या-जाणाऱ्याला लवून नमस्कार करायचा आणि स्वतःचं नाव घेत राहायचं, एवढंच त्याच्या हातात. पक्षाच्या धोरणावर जवळजवळ काही बोललंच जात नाही. इतरांच्या चित्रपटात इथे एखादा राज्यशास्त्राचा अभ्यासक येऊन 'जपानी लोकशाहीतील घराणी व गट' समजावून सांगेल. सोदा कोणालाही बोलावत नाहीत. जुने कार्यकर्ते त्या उमेदवाराला आणि त्याच्या बायकोला कसे फैलावर घेतात, ते आपल्याला बघू देतात. मोटारीच्या मागच्या सीटवर नवरा-बायकोची चिडचिड होते, तीही तशीच राहते. आपली महापालिकेची निवडणूक पाहिलेल्या माणसाला यातलं काहीही समजावून सांगावं लागत नाही.

पण शिकण्यासारखा सर्वांत श्रीमंत चित्रपट 'इनलँड सी' (२०१८). ओकायामा प्रांतातलं उशिमादो हे समुद्रकाठचं म्हाताऱ्यांचं गाव. शहाऐंशी वर्षांचा मच्छीमार वाय-चान एकटा होडी घेऊन निघतो. जाळं टाकतो, ओढतो, अडकलेला एकेक मासा सोडवतो. कॅमेरा होडीतच आहे आणि घाईत नाही. जाळ्याच्या गाठीतून मासा काढायला किती वेळ लागतो, तो वेळ आपल्यालाही घालवावा लागतो. मग मासे लिलावात जातात. तिथून ते मासळीचं दुकान चालवणाऱ्या बाईंकडे येतात. त्या ते साफ करतात, पुड्या बांधतात, गाडीत घालून गल्लोगल्ली विकतात. उरलेली डोकी आणि काटे मांजरांना मिळतात. सोदांनी ठरवून 'मासेमारीची अर्थव्यवस्था' हा विषय घेतलेला नाही. ते फक्त माशाच्या मागे गेले, आणि गावातलं कोण कोणावर अवलंबून आहे ते आपोआप उलगडत गेलं. याच चित्रपटात गावातली एक म्हातारी स्वतःच कॅमेऱ्याला टेकडीवर घेऊन जाते. उजेड जात असतो, आणि ती आपल्या मुलाची हकिकत सांगू लागते. कुठल्याही प्रश्नावलीने हे मिळालं नसतं.

आणखी एक गोष्ट. हे चित्रीकरण आणि 'ऑयस्टर फॅक्टरी' (२०१५) चं चित्रीकरण, दोन्ही २०१३ च्या नोव्हेंबरमधल्या एकाच मुक्कामातलं. निरीक्षणाला वर्षानुवर्षं लागतात अशी आपली समजूत आहे. कधी लागतातही. जपानमध्येच शिन्सुके ओगावा यांचा गट मागिनो गावात भातशेती करत दहा वर्षांहून अधिक काळ राहिला आणि तिथे राहूनच चित्रपट करत गेला. पण नोकरी सांभाळून चित्रपट करणाऱ्याने त्या उदाहरणाने खचून जाऊ नये. तुमच्याकडे वर्षं नसतील तर दिवसाचे तास वाढवा. एका जागी सकाळी सहापासून अंधार पडेपर्यंत सलग थांबलेला माणूस, महिन्यातून एकदा दोन तास येणाऱ्यापेक्षा जास्त बघतो.

आता तुमचं काम. सुरुवातीला 'शेतकऱ्यांचे प्रश्न' किंवा 'लोककलेचा ऱ्हास' असलं काही घेऊ नका. जागा घ्या. एसटीचं आगार, सासून डॉकचा एक धक्का, तालुक्याच्या गावची दूध डेअरी, कुस्तीची एखादी तालीम. जागेला कुंपण असावं, रोज तिथे काहीतरी घडणारं असावं आणि पोटापाण्याचा व्यवहार असला तर फारच उत्तम.

समजा लासलगावचा कांदा बाजार घेतला. ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग लागते. व्यापारी ट्रॉलीपाशी येतात, मूठभर कांदे उचलून दाबतात, साल सोलतात, टाकतात. बोली काही क्षणांत संपते. त्या क्षणांत शेतकऱ्याचा चेहरा बघायचा की व्यापाऱ्याचा हात, हे तुम्हाला तिथल्या तिथे ठरवायचं आहे. तुमचं दिग्दर्शन ते हेच. बोलीनंतर गर्दी पुढच्या ट्रॉलीकडे सरकते. नवखा कॅमेरावालाही तिच्यामागे पळतो, कारण आवाज तिकडे आहे. तुम्ही पळू नका. भाव पुकारून झाल्यावर शेतकरी काय करतो ते बघा. फोन लावतो का? कोणाला? भाव सांगताना आवाज कसा होतो? मग त्या एका ट्रॉलीबरोबर जा. वजनकाटा, व्यापाऱ्याचं खळं, ट्रॉली रिकामी करणारे हमाल, हिशेबाची पट्टी, हातात पडलेले पैसे, परतीचा चहा. एक ट्रॉली शेवटपर्यंत पाहिली तर पन्नास ट्रॉल्यांच्या झलकांपेक्षा जास्त हाती लागतं.

कॅमेरा सुरू केल्यावर घटना संपली असं वाटलं तरी थांबू नका. आणखी मिनिटभर धरून ठेवा. माणसं बोलणं संपवतात आणि मग खरं बोलतात. कोणालाही 'पुन्हा एकदा करा' असं सांगू नका. एकदा सांगितलंत की पुढे प्रत्येक वेळी तो माणूस तुमच्या तोंडाकडे बघून विचारेल, 'बरोबर झालं का, साहेब?' हातून एखादा क्षण निसटला तर निसटू द्या. रोजच्या कामाची जागा असेल तर उद्या तो दुसऱ्या रूपात परत येतो.

तुम्ही तिथे नाहीच असं भासवायचीही गरज नाही. अमेरिकेतले फ्रेडरिक वाइजमन १९६७ च्या 'टिटिकट फॉलीज'पासून अशाच पद्धतीने संस्थांवर चित्रपट करत आले. तेही निवेदन-संगीताविना, ध्वनिमुद्रण स्वतः सांभाळून. पण पडद्यावर त्यांचा आवाज ऐकू येत नाही. सोदांनी वाइजमनकडून पुष्कळ घेतलं, पण इथे ते वेगळे पडले. समोरच्याने विचारलं तर ते उत्तर देतात, स्वतःही साधेसुधे प्रश्न विचारतात आणि ते चित्रपटात ठेवतात. बघणारा आला की बघितली जाणारी जागा बदलते, आणि तो बदलही बघण्याचाच भाग, असं त्यांचं म्हणणं. मला हे अधिक प्रामाणिक वाटतं, शिवाय आपल्या मातीत ते जास्त चालतं. घरी आलेल्याला चहा न विचारणारं गाव मला अजून माहीत नाही. चहा घ्या, गप्पा मारा, कॅमेरा चालू असेल तर चालू राहू द्या.

पूर्वबैठका नकोत, या नियमाबाबत मात्र डोळे उघडे ठेवा. पहिली भेट एकदाच होते, ती कॅमेऱ्यात यावी, हा त्यामागचा हेतू चांगला आहे. त्याचा अर्थ परवानगी न घेता घुसणं असा नाही. ओकायामातल्या एका मानसोपचार दवाखान्यावरच्या 'मेंटल' (२००८) साठी सोदांनी रुग्णांना एकेक करून विचारलं. बहुतेकांनी नकार दिला. ज्यांनी होकार दिला, त्यांचे चेहरे त्यांनी धूसर न करता दाखवले. चेहरा पुसला की रुग्ण म्हणजे लपवण्याजोगं काही तरी, असा अर्थ निघतो, असं त्यांना वाटत होतं. धाडस मोठं होतं, आणि होकार खरा असल्यामुळेच ते शोभलं.

आपल्याकडे या बाबतीत कायदाही माहीत हवा. मानसिक आरोग्य सेवा अधिनियम, २०१७ नुसार उपचार घेणाऱ्या व्यक्तीचं छायाचित्र किंवा माहिती तिच्या संमतीशिवाय माध्यमांना देता येत नाही. बाल न्याय अधिनियम, २०१५ च्या कलम ७४ नुसार काळजी व संरक्षणाची गरज असलेल्या किंवा कायद्याशी संघर्ष झालेल्या बालकाची ओळख उघड करणं गुन्हा आहे. रेल्वेच्या हद्दीत चित्रीकरणाला रेल्वेची परवानगी लागते. लेखी संमतीपत्र मराठीत, सोप्या भाषेत, एका पानाचं करा आणि त्याची एक प्रत समोरच्याला द्या. पण कागदावर विसंबू नका. मालकाने 'काढा, काढा' म्हटलं म्हणजे त्याच्या हाताखालच्या मजुराने होकार दिला असं होत नाही. त्याला वेगळं, मालक नसताना विचारा. सही केलेला माणूस चार महिन्यांनी 'तेवढं काढून टाका' म्हणाला, तर कायदा तुमच्या बाजूने असला तरी ऐकून घ्या. त्याला उद्याही त्याच बाजारात उभं राहायचं आहे.

यंत्रसामग्रीवर फार बोलावं असं नाही. हातात धरून दिवसभर वावरता येईल असा कॅमेरा आणि एकच झूम लेन्स पुरे. लेन्सा बदलत बसलात की डोळा बाहेर न राहता पिशवीत राहतो. दिवे नेऊ नका. आपल्या विजेची वारंवारिता ५० हर्ट्‌झ आहे, म्हणून ट्यूबलाइटखाली चित्र थरथरू नये यासाठी सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा. गिंबलचा मोह टाळा. सरकत्या चित्राला एक नटवेपणा येतो, आणि माणसं तुमच्याकडे लग्नाच्या शूटिंगवाल्यासारखी बघू लागतात.

आवाजावर मात्र खर्च करा. निवेदन नाही, संगीत नाही, पाट्या नाहीत. म्हणजे प्रेक्षकाला धरून ठेवायला चित्राखेरीज उरतो तो फक्त जागेचा आवाज. कॅमेऱ्यावर चांगला दिशिक माईक आणि वाऱ्यासाठी त्याचं केसाळ टोपरं, मुख्य माणसाच्या कॉलरला बिनतारी माईक, आणि कानाला सतत हेडफोन. हेडफोन न लावता काम करणारे घरी येऊन रडतात. प्रत्येक जागेचा एक मिनिटभर नुसता आवाज वेगळा घेऊन ठेवा: पंखा, जनरेटर, लांबचा भोंगा. संकलनात दोन तुकडे जोडताना तो उपयोगी पडतो. कॉलरला माईक लावला असेल तर तो माणूस विसरून खासगी बोलेल, हेही लक्षात ठेवा. ते ऐकू आलं म्हणून वापरायचं असं नसतं.

साठवणीचा हिशेब आधीच मांडा. १०० मेगाबिटने चित्रीकरण केलं तर तासाला साधारण ४५ जीबी लागतात. चाळीस तासांचं फुटेज म्हणजे १८०० जीबी. तेव्हा दोन टीबीच्या दोन डिस्क घ्या, दोन्हींवर रोज रात्री प्रत उतरवा आणि त्या दोन वेगळ्या घरांत ठेवा. झोपण्यापूर्वी दिवसाची नोंद लिहा. काय घडलं हे तर लिहाच, पण कशाने आपण चकित झालो ते जास्त लिहा. पुढे संकलनात हीच वही कामी येते.

संकलन हा या पद्धतीतला सर्वांत लांब आणि एकाकी भाग. संहिता नाही, त्यामुळे 'कशाला कात्री लावायची' याचं उत्तर आधीपासून तयार नसतं. सगळं फुटेज पहिल्यापासून बघा, बोलणं उतरवून काढा. हे कंटाळवाणं आहे आणि त्याला पर्याय नाही. मग विषयाचा विचार न करता जे जे प्रसंग तुम्हाला स्वतःला धरून ठेवतात, ते सुटे सुटे बांधा. प्रत्येकाचं नाव चिठ्ठीवर लिहून भिंतीवर लावा आणि चिठ्ठ्या हलवत बसा. पहिली जोडणी बहुधा भयंकर होते. तिथे घाबरून बरेच जण निवेदन लिहायला घेतात आणि सगळं मुसळ केरात जातं. निवेदनाऐवजी क्रम बदला. कांद्याचा भाव आधी कळून मग शेतकऱ्याचं घर दिसलं तर एक अर्थ होतो, घर आधी आणि भाव नंतर आला तर दुसरा. माहिती कमी पडते असं वाटलं तर पाटी टाकण्याआधी फुटेजमध्ये शोधा. कोणीतरी कोणालातरी ती गोष्ट सांगितलेली असते. या टप्प्यावर मोठे निर्णयही बदलतात. 'इनलँड सी' रंगीत चित्रित झाला आणि कृष्णधवल होऊन पडद्यावर आला.

पैशांच्या नियमाशी माझा अर्धा वाद आहे. स्वतःच्या खर्चाने केलेल्या चित्रपटात कोणी ढवळाढवळ करत नाही, हे खरं. पण ज्याच्याकडे बाजूला ठेवायला पैसे आहेत त्यालाच हे स्वातंत्र्य मिळतं. आपल्याकडे तर घरभाडं भरून उरतं त्यात कॅमेरा भाड्यानेच येतो. म्हणून मी हा नियम उलटा वाचतो: खिशात जेवढं आहे तेवढ्यात मावेल असाच चित्रपट करा. जागा घराजवळची, माणूस एक किंवा दोन, प्रवास एसटीने. निधी आणि सहनिर्माते गाठणाऱ्यांचा मार्गही खोटा नाही. मुंबईच्या दोन कोळी मित्रांवरचा सर्वनिक कौर यांचा 'अगेन्स्ट द टाइड' बराच काळ घेऊन, जमवाजमव करून झाला आणि २०२३ मध्ये सनडान्सला त्याला परीक्षकांचं विशेष पारितोषिक मिळालं. महाराष्ट्रातल्या जत्रांमधल्या तंबू-टॉकीजवरचा शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांचा 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' २०१६ मध्ये कानला गेला. दोन्ही आवर्जून बघा. त्यांची बांधणी सोदांहून निराळी आहे, संगीतही वर्ज्य नाही, पण माणसांजवळ थांबण्याची चिकाटी तीच आहे.

दाखवण्याबद्दल दोन शब्द. सार्वजनिक प्रदर्शनासाठी सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं, महोत्सवांना केंद्राच्या माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट मिळते. १९९० पासून दर दोन वर्षांनी भरणारा मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव आपल्या दाराशी आहे, आणि माहितीपट हाच तिथला मुख्य पाहुणा असतो. तिथे अर्ज करण्याआधी बाजार समितीच्या आवारात किंवा ज्या जागेवर काम केलंत तिथे एक पडदा लावा आणि ज्यांचा चित्रपट आहे त्यांना तो दाखवा. ते कुठे हसतात, कुठे गप्प होतात, कुठे 'असं नसतं' म्हणतात, ते वहीत लिहा आणि मगच शेवटची प्रत काढा. पहिला चित्रपट पंधरा-वीस मिनिटांचा झाला तरी पुष्कळ. जागा मात्र याच आठवड्यात ठरवा, आणि पहिल्या दिवशी तिथे पहाटे पोहोचा.